मग त्या घरात आधी कोण राहत होतं?

दुसऱ्या महायुद्धानंतरच्या जर्मन विनोदी सिनेमांचा विषय निघाला की लोक साधारण दोन गोटांत जातात. एक गोट म्हणतो, काय निर्मळ सिनेमे होते हो, एका जिन्यावर राहणारी माणसं भांडतायत, हसतायत, एकमेकांना सांभाळून घेतायत. दुसरा गोट म्हणतो, सगळी पळवाट होती, लोकांना झालेलं विसरायचं होतं आणि सिनेमावाल्यांनी विसरायला मदत केली. मला दोन्ही बाजू अर्ध्याच पटतात आणि हा वाद आजही महत्त्वाचा आहे असं मनापासून वाटतं, कारण हे सिनेमे आता जुन्या आठवणी म्हणून दाखवले जातात, रिस्टोअर होतात, फेस्टिवलला येतात आणि बघणाऱ्याला त्या इमारतीबद्दल कोणी काही सांगत नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की त्या हसण्यात काही चूक नव्हती, चूक ही होती की त्या इमारतीतून जे ज्यू शेजारी नाहीसे झाले होते त्यांचा सिनेमात उल्लेखच नाही, आणि तो उल्लेख आता तरी सिनेमाबरोबर यायला हवा.

उदाहरण म्हणून 'बर्लिनर बलाड' घेते. 1948 चा सिनेमा, दिग्दर्शक रोबर्ट श्टेमले, लेखन ग्युंटर नॉयमानचं, जो मुळात कॅबरेवाला, त्यामुळे संवादांना धार आहे आणि गाणीही आहेत. गोष्ट सांगायची पद्धत भारी आहे, सिनेमा सुरू होतो 2048 साली, आणि शंभर वर्षांनंतरचे लोक मागे वळून बघतायत की त्या काळी बर्लिनमध्ये माणसं जगत कशी होती. ओट्टो नॉर्मालफरब्राउखर नावाचा एक हडकुळा सैनिक घरी परततो. पुण्यात मॅक्स म्युलर भवनात जर्मन शिकलेल्यांना त्या आडनावाची गंमत लगेच कळेल, रेशनकार्डावर ज्याला कसलाही जादा कोटा नाही अशा साध्या माणसाचा तो वर्ग होता. तर हा ओट्टो घरी येतो आणि बघतो तर काय, घरात भलतीच माणसं, एक लग्नं जुळवणारी बाई आहे, एक काळाबाजारवाला आहे, आणि आता सगळ्यांनी एकाच छपराखाली राहायचंय. ओट्टो झालेला गेर्ट फ्रोबे तेव्हा इतका बारीक होता की नंतर 'गोल्डफिंगर' या बाँडपटातला तो जाडा खलनायक हाच यावर विश्वास बसत नाही. भुकेल्या ओट्टोला स्वप्नात केक दिसतात आणि आपण हसतो, पण हे लक्षात ठेवायला हवं की सिनेमा बनला ती बर्लिनच्या नाकेबंदीची वेळ होती, सोव्हिएत रशियाने पश्चिम बर्लिनचे रस्ते आणि रेल्वे अडवले होते, पीठ, कोळसा, सगळं विमानाने यायचं, आणि थिएटरात बसलेल्या माणसाचं पोटही ओट्टोसारखंच रिकामं होतं.

आता घरांची परिस्थिती बघा, नाहीतर हा विनोद समजतच नाही. युद्धाआधी बर्लिनमध्ये पंधरा लाखांच्या आसपास घरं होती, त्यातली सुमारे 6 लाख गेली. त्यात पूर्वेकडून हाकलून दिलेले जर्मन, सगळ्या देशात मिळून सव्वा कोटीच्या घरात माणसं. 8 मार्च 1946 ला दोस्त राष्ट्रांच्या नियंत्रण मंडळाने कायदा क्रमांक 18 आणला आणि घरवाटप सरकारी कचेरीकडे गेलं. म्हणजे तुमच्या घरात किती खोल्या, किती माणसं, हे कचेरी मोजणार आणि जागा जास्त दिसली की एक अनोळखी कुटुंब हातात चिठ्ठी घेऊन तुमच्या दारात उभं राहणार, तुम्हाला आवडो न आवडो. एका दारावर चार चार पाट्या लागल्या, अमक्याकडे जायचं तर बेल एकदा वाजवा, तमक्याकडे तर दोनदा, तिसऱ्याकडे तीनदा. स्वयंपाकघर एक, शेगडी एक, आणि त्यावर तीन बायकांची तीन पातेली, कोणाचा बटाटा आधी शिजणार यावरून रोज सकाळी तंटा. गॅस मोजून मिळायचा त्यामुळे दुसरीचं पाणी उकळेपर्यंत आपली वेळ संपली तर मुलांनी कच्चंच खायचं का, हा प्रश्न अगदी खरा होता. 'काइन प्लाट्स फ्युर लीबं' नावाचा 1947 चा एक विनोदी सिनेमा आहे, त्यातल्या नव्या जोडप्याला एकांत मिळेल अशी जागाच बर्लिनमध्ये सापडत नाही, अख्खा सिनेमा त्यावर. ज्यांनी असे दिवस काढलेत त्यांना यात काही हलकंफुलकं वाटणार नाही.

म्हणून जे लोक या सिनेमांना सरसकट पळवाट म्हणतात त्यांच्याशी माझं पहिलं भांडण आहे. हे सिनेमे राजवाड्यात किंवा आल्प्सच्या कुरणात घडत नाहीत, ते पडक्या जिन्यावर घडतात, खिडकीला काचेऐवजी पुठ्ठा आहे आणि माणसं ओव्हरकोट घालून घरात बसलीयत. आणि ते एक फार मोठी गोष्ट दाखवतात जी भाषणांनी कळत नाही. नाझी राजवटीत बारा वर्षं त्या देशाला सांगितलं गेलं होतं की आपण सगळे एक रक्त, एक कुटुंब, एक समाज. आणि आता त्याच देशातला पूर्वेकडच्या सायलेशियातून हाकललेला शेतकरी बर्लिनच्या ऑफिसरच्या विधवेच्या घरात राहायला आलाय आणि दोघांना एकमेकांचं तोंड बघवत नाही, त्याचे उच्चार तिला गावंढळ वाटतात आणि तिची शिस्त त्याला जाच वाटतो. ही दोन माणसं रक्ताच्या गप्पा मारून एकत्र राहू शकत नाहीत, त्यांना शेगडीची वेळ ठरवावी लागते, जिना कोणी कधी झाडायचा ते ठरवावं लागतं, चूक झाली की माफी मागावी लागते. आपण निवडलेला नाही अशा माणसाबरोबर ठरवून, बोलून, नियम करून राहणं म्हणजेच तर लोकशाही, आणि ती पश्चिम जर्मनीच्या बॉनमधल्या संसदेआधी या स्वयंपाकघरांत सुरू झाली असं मी म्हणेन. हे विनोदी सिनेमाने जितकं पकडलं तितकं त्या काळच्या गंभीर सिनेमानेही पकडलं नाही.

पण.

हाच जिना पाच वर्षांपूर्वी काय होता? नाझी पक्षाने प्रत्येक वस्तीत ब्लॉकलायटर नेमले होते, लोक त्याला ब्लॉकवार्ट म्हणायचे, एका माणसाकडे साधारण चाळीस ते साठ कुटुंबं. तो वर्गणी गोळा करायला यायचा, सणाला झेंडा लावला की नाही बघायचा, कोण कोणाकडे येतं ते बघायचा. 1 सप्टेंबर 1939 पासून परदेशी रेडिओ ऐकायला बंदी, बीबीसी लावलं तर तुरुंग, आणि त्या बातम्या इतरांना सांगितल्या तर फाशीपर्यंत शिक्षा. आता इमारतीत रेडिओ कोण ऐकतंय हे बर्लिनच्या पोलिसाला कसं कळणार? भिंतीपलीकडच्यालाच कळणार. लोक डोक्यावरून पांघरूण घेऊन रेडिओ ऐकायचे ते काही विमानांच्या भीतीने नाही, शेजाऱ्याच्या भीतीने.

व्युर्त्सबुर्ग शहरातल्या गेस्टापोच्या, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांच्या, फायली युद्धानंतर शाबूत राहिल्या, बाकी बऱ्याच ठिकाणी गेस्टापोनेच त्या जाळून टाकल्या होत्या. त्या फायलींवरून इतिहासकारांना जे कळलं ते वाचून झोप उडते. त्या अख्ख्या प्रदेशात आठ लाखांहून जास्त वस्ती आणि गेस्टापोचे अधिकारी फक्त 28. एवढ्या माणसांनी एवढ्या लोकांवर नजर ठेवणं शक्यच नव्हतं, नजर लोकांनीच ठेवली. इल्झे टोट्सके नावाची संगीत शिकणारी एक बाई होती, एकटी राहायची, फारशी कोणात मिसळायची नाही. तिच्याबद्दल शेजारपाजारच्यांनी कळवलं की तिच्याकडे ज्यू दिसणारी बाई येते, ती 'हाइल हिटलर'ला उत्तर देत नाही, तिचं वागणं संशयास्पद आहे. बास, एवढंच. कोणी जबरदस्ती केली नव्हती, कोणी विचारायला गेलं नव्हतं. पुढे 1943 मध्ये एका ज्यू मैत्रिणीला घेऊन स्वित्झर्लंडमध्ये पळून जाताना ती पकडली गेली आणि रावेन्सब्र्युकच्या छळछावणीत गेली. तिच्यावर लक्ष ठेवणारी माणसं काही राक्षस नव्हती, आपण सिनेमात ज्यांना बघून हसतो तसलीच होती, पडद्याआडून बघणारी, कोण किती वाजता आलं गेलं याची नोंद ठेवणारी.

म्हणूनच मला त्या सिनेमांतली चोंबडी शेजारीण नुसती हसून सोडून देता येत नाही. दाराच्या फटीतून बघणारी बाई हा सगळ्या जगात विनोदाचा विषय आहे, आपल्याकडच्या चाळीच्या सिनेमात आणि नाटकातही आहे, आणि आपल्याकडे तिच्या बघण्याने जास्तीत जास्त कोणाचं लग्न मोडतं. तिकडे 1943 मध्ये त्या बघण्याने माणूस मरत होता. 1948 ला तीच बाई, तीच फट, आणि प्रेक्षक हसतोय. त्या हसण्याच्या आत किती सुटका होती याची मी कल्पना करू शकते. पण सिनेमाने एकदा, एका ओळीत तरी, म्हणायला हवं होतं की बाई, तू आधीही बघत होतीस.

आणि दुसरी गोष्ट, माझ्यासाठी सगळ्यात मोठी. घरं. 30 एप्रिल 1939 च्या कायद्याने ज्यू भाडेकरूंचं संरक्षण काढून घेतलं, मग त्यांना आपापल्या घरातून काढून ठराविक इमारतींत कोंबलं, एका खोलीत एक अख्खं कुटुंब, आणि 1941 च्या शरद ऋतूपासून तिथून त्यांना पूर्वेकडच्या घेट्टोंत आणि छावण्यांत नेणाऱ्या गाड्या सुटल्या. रिकाम्या घराला सील लागायचं, सरकारी माणूस येऊन यादी करायचा, खुर्च्या इतक्या, चादरी इतक्या, शिलाई मशीन एक, आणि मग लिलाव. जाहीर लिलाव, वर्तमानपत्रात जाहिरात देऊन. हॅम्बुर्गमध्ये, बर्लिनमध्ये, गावोगावी. घ्यायला कोण यायचं? आजूबाजूचीच माणसं. ज्या बाईकडून कधी वाटीभर साखर उसनी आणली असेल तिचीच कपबशी आता आपल्या फळीवर. मग 1948 च्या विनोदी सिनेमात जेव्हा सगळे ओरडतात की हे घर माझं, ही खोली माझी, हे कपाट माझं, तेव्हा एक प्रश्न कोणी विचारत नाही की ह्यातल्या किती खोल्यांत आणखी आधी कोणीतरी राहत होतं. घर कोणाचं यावरच तर सगळा विनोद उभा आहे! त्या प्रश्नाचं खरं उत्तर सिनेमाने गिळलं.

यावर नेहमीचं उत्तर येतं की अहो, माणसं उपाशी होती, ढिगाऱ्यात राहत होती, त्यांना हसायचं होतं, त्यांच्यापुढे त्यांचेच गुन्हे मांडले असते तर थिएटरात कोण आलं असतं. हे उत्तर ऐकायला माणुसकीचं वाटतं पण ते खरं नाही, आणि खरं नाही हे तिकीटविक्रीने सिद्ध झालंय. 'एहे इम शाटन' हा कुर्ट मेत्सिगचा सिनेमा 3 ऑक्टोबर 1947 ला चार दोस्त राष्ट्रांनी वाटून घेतलेल्या बर्लिनच्या चारही भागांत एकदम लागला. गोष्ट एका नटाची आणि त्याच्या ज्यू बायकोची, जी योआखिम गोटशाल्क या खऱ्या नटावरून घेतली होती, ज्याने 1941 मध्ये बायको आणि लहान मुलासह आयुष्य संपवलं. हसायला काही नाही, आणि तरी तो सिनेमा एक कोटीहून जास्त लोकांनी बघितला. त्याच उपाशी, गारठलेल्या लोकांनी. म्हणजे प्रेक्षक तयार होता. प्रेक्षकाला काय सोसेल हे सिनेमावाल्यांनीच परस्पर ठरवून टाकलं.

त्याहून बोलकी तुलना 1946 ची आहे. वोल्फगांग श्टाउटेचा 'डी म्यॉर्डर सिंड उंटर उन्स', युद्धानंतरचा पहिला जर्मन सिनेमा. हिल्डेगार्ड क्नेफची झुझाने आपल्या घरी परत येते आणि बघते तर तिच्या घरात भलताच माणूस राहतोय. ओट्टोचीच गोष्ट आहे ना ही? तोच दरवाजा, तोच जिना, तीच खोल्या वाटून दिलेली घरं. फरक एकच, ओट्टो युद्धातून आलाय आणि झुझाने छळछावणीतून. त्याच इमारतीत मुलाच्या पत्राची वाट बघत बसलेला म्हातारा चष्मेवाला राहतो, आणि कान टवकारून असणारे शेजारीही आहेत. पण त्या सिनेमात जिन्याला भूतकाळ आहे. आता मी असं म्हणत नाही की श्टाउटेने सगळं केलं, झुझाने छावणीत नक्की का होती हे तो सिनेमा घाईघाईत सांगून मोकळा होतो, ती छावणीतून आल्यावरही इतकी टवटवीत दिसते की खटकतं, आणि ज्यूंचं नाव तिथेही जवळजवळ नाहीच. पण निदान दार उघडल्यावर प्रश्न तरी उभा राहतो.

आणि गंमत म्हणजे, गंमत हा शब्द इथे बरा नाही पण दुसरा सुचत नाही, कायद्यालाही भूतकाळ आठवत होता. त्याच कायदा क्रमांक 18 मध्ये नाझी राजवटीला विरोध करणाऱ्यांना आणि तिच्यामुळे सोसलेल्यांना घरवाटपात प्राधान्य देण्याची तरतूद होती. म्हणजे कचेरीतल्या कारकुनाला विचारणं भाग होतं की बाई, तुम्ही गेली दहा वर्षं कुठे होता. कारकून विचारतोय आणि कलावंत विचारत नाही, हे मला लागतं.

नॉयमानवर माझा राग नाही हे सांगायलाच हवं. त्याने चारही सत्तांची टर उडवली, पुढाऱ्यांची उडवली, लष्करी मस्तीची उडवली, नाकेबंदीत असलेल्या शहराला त्याने रेडिओवरून हसवलं आणि त्या हसण्याने लोक टिकले, हे फार मोठं काम आहे. तो भित्रा लेखक नव्हता. म्हणून तर जास्त वाईट वाटतं, कारण ज्याला हे जमलं असतं असा माणूस तोच होता. त्याच्यानंतर जे आले त्यांच्याकडून काही अपेक्षाच नाही. पन्नाशीच्या दशकात पश्चिम जर्मनीत नवीन घरं धडाधड बांधली गेली, 1950 च्या पहिल्या गृहबांधणी कायद्याने सहा वर्षांत 18 लाख घरांचं लक्ष्य ठेवलं आणि ते ओलांडलं गेलं, 1956 मध्ये वर्षाला 81 कोटी सिनेमाची तिकिटं खपली, आणि पडद्यावरची इमारत स्वच्छ रंगवलेली, कुंड्या लावलेली झाली. आता तर पुठ्ठ्याची खिडकीही राहिली नाही. 'बर्लिनर बलाड'मध्ये जे न बोललेलं होतं ते निदान ढिगाऱ्यात दिसत तरी होतं, या नव्या सिनेमांत ते दिसेनासं झालं. मग 1962 च्या फेब्रुवारीत ओबरहाउझनच्या लघुपट महोत्सवात 26 तरुण सिनेमावाल्यांनी जाहीर केलं की जुना सिनेमा मेला. त्यांचा राग बरोबर होता पण त्यांनी सगळंच एका पोत्यात भरलं, 1948 चा भुकेला विनोद आणि 1956 चा गुळगुळीत विनोद यांत फरकच केला नाही, आणि त्यामुळे पुढच्या पिढ्यांनी हे सिनेमे नीट बघितलेच नाहीत. एक तर आजीच्या आठवणी म्हणून दुपारी टीव्हीवर, नाहीतर अजिबात नाही.

जर्मनीत नोकरीला गेलेली मराठी मुलंमुली आता हजारोंनी आहेत, त्यातली बरीच बर्लिनच्या, हॅम्बुर्गच्या जुन्या इमारतींत राहतात, तोच लाकडी जिना, तेच आतलं अंगण. दाराबाहेर फूटपाथवर दहा सेंटिमीटरची पितळी फरशी अनेकांनी बघितली असेल, गुंटर डेम्निग या कलावंताने 1992 मध्ये सुरू केलेलं हे काम, आज अशा लाखाच्या वर फरशा युरोपभर आहेत. त्यावर लिहिलेलं असतं, इथे राहत होती अमुक, जन्म अमुक साली, नेलं अमुक तारखेला, मारलं अमुक ठिकाणी. म्युनिकने मात्र सार्वजनिक जागेवर या फरशा लावायला परवानगी दिली नाही, कारण तिथल्या ज्यू समाजाच्या प्रमुख शार्लोटे क्नोब्लोख यांचं म्हणणं होतं की मारल्या गेलेल्यांची नावं पायाखाली नकोत. त्यांचा आक्षेप मी मान देऊन ऐकते, त्या स्वतः त्या काळातून वाचल्यात. तिथे मग भिंतीवर पाट्या आणि खांब आले. पायाखाली की भिंतीवर यावर वाद होऊ शकतो, पण नाव त्या दारापाशीच हवं याबद्दल दोन्ही बाजू एक आहेत, आणि मी सिनेमाबद्दल नेमकं हेच मागतेय.

शिवाय गेर्ट फ्रोबेचं काय झालं ते बघा. तो 1929 मध्ये नाझी पक्षात गेला होता, 1937 मध्ये बाहेर पडला. 1965 मध्ये हे उजेडात आल्यावर इस्रायलने 'गोल्डफिंगर'वर बंदी घातली. मग एक ज्यू माणूस पुढे आला आणि त्याने सांगितलं की युद्धात मला आणि माझ्या आईला याच माणसाने लपवलं होतं, आणि बंदी उठली. विचार करा, 1948 मध्ये पडद्यावर जो माणूस आपल्याच घरात उपऱ्यासारखा फिरतोय आणि आपल्याला हसवतोय, त्याच्या स्वतःच्या आयुष्यात शेजाऱ्यांपासून जीव लपवून ठेवलेले आई-मुलगा होते. पक्षाचं सदस्यत्वही होतं आणि ही हिंमतही होती. एकाच माणसात दोन्ही. यापेक्षा मोठी गोष्ट कुठल्या पटकथेत असणार आहे? ती तिथेच, कॅमेऱ्यासमोर उभी होती, आणि ती बाहेर यायला सतरा वर्षं आणि दुसऱ्या देशाची बंदी लागली. त्याने स्वतःहून का नाही सांगितलं, हे मला माहीत नाही, पण 1948 च्या जर्मनीत ते कोणी विचारत नव्हतं आणि सांगणाऱ्याचं कौतुकही होत नव्हतं, ज्याने लपवलं त्याच्या शेजारीच तो राहायचा ज्याने कळवलं असतं, आणि दोघांना एकाच शेगडीवर बटाटे शिजवायचे होते.

तेव्हा माझी मागणी साधी आहे. हे सिनेमे दाखवा, भरपूर दाखवा, पुण्यामुंबईच्या फिल्म क्लबांनीही दाखवावेत कारण ते खरंच चांगले आहेत आणि लोक खळखळून हसतात. पण 'बर्लिनर बलाड' एकटा लावू नका, त्याच संध्याकाळी आधी श्टाउटेचा सिनेमा लावा, म्हणजे एकाच दारातून आधी झुझाने आत येईल आणि मग ओट्टो. माहितीपत्रकात दिग्दर्शक-नटांच्या नावांबरोबर घरवाटपाचा कायदा, ज्यूंच्या घरांचे लिलाव आणि फ्रोबेची ही हकिकत द्या, एक पान पुरे होतं. जर्मनीतल्या ज्या संस्था हे सिनेमे रिस्टोअर करतात त्यांनी प्रत फक्त चकचकीत न करता सुरुवातीला चार ओळी घालाव्यात. प्रेक्षक कमी हसेल अशी भीती कोणाला वाटत असेल तर 1947 चा तो एक कोटी प्रेक्षक आठवावा, त्यांची घरं पडली होती, त्यांच्या पोटात अन्न नव्हतं आणि तरी ते रांगेत उभे राहिले होते.